लीव म्हणजे हयात

मुलाचं नाव ठेवणं ही आपल्याकडे सगळ्या घरादाराच्या हक्काची गोष्ट आहे. आई-बापाचा त्यात वाटा असतो, पण तो शेवटचा. आधी दादीचा, मग नानीचा, मग ज्या फुफूनं दर्ग्यावर नवस बोलला तिचा, मग मोहल्ल्यातल्या मौलवीसाहेबांचा. सातव्या दिवशी अकीका करायचा, जावळ काढायचं, केसांच्या वजनाइतकी चांदी खैरात करायची आणि नाव पक्कं करायचं. मशिदीबाहेरच्या गाडीवर अत्तर, टोप्या, तसबीह यांच्या शेजारी नावांची छोटी किताबही मिळते. ती घरात आली की आठवडाभर सगळे तिच्यावर झुकलेले. अर्थ पाहायचा, उच्चार करून पाहायचा, घराण्यात ते नाव आधी कुणाचं होतं आणि त्याचं नशीब कसं होतं तेही पाहायचं.

आमच्या नातीचं नाव त्या किताबीत नाही. तिचं नाव लीव. ती नॉर्वेतल्या बर्गन शहरात २०२३च्या हिवाळ्यात जन्मली. तिथं त्या दिवसांत जेमतेम सहा तासांचा उजेड असतो आणि उरलेल्या वेळात पाऊस. लेक आणि जावई २०१९ पासून तिथं आहेत. जावई जहाजांच्या इंजिनांचं काम करतो, लेक एका प्रयोगशाळेत आहे.

हा लेख आम्ही दोघांनी मिळून लिहिला आहे. आमच्यातला एक दापोलीकडच्या खाडीकाठचा, दुसरी बार्शीकडची. दोघांनीही हयातभर मराठी शाळांत शिकवलं. हजेरीपटावर नावं लिहिण्यात आमची पस्तीस वर्षं गेली. ‘खतिजा’ची ‘खतीजाबी’ कशी होते, एका भावाचा ‘रहमान’ आणि दुसऱ्याचा ‘रेहेमान’ कसा होतो, आणि मग त्या एका मात्रेसाठी दाखल्यापासून रेशनकार्डापर्यंत बाप किती हेलपाटे घालतो, हे आम्ही पाहिलेलं आहे. त्यामुळं नाव ही आमच्या लेखी हलकी चीज नाही. लीव हे नाव कळल्यावर आम्ही जे शोधलं, जे वाचलं आणि जे एकमेकांशी भांडलो, ते इथं मांडतो आहोत.

आधी अर्थ. नॉर्वेजियन, स्वीडिश आणि डॅनिश या तिन्ही भाषांत ‘लीव’ म्हणजे जीवन, जिंदगी, हयात. उच्चार मराठीसारखाच, दीर्घ ई लावून. एका दमात म्हणून होतो. पण नावांचा अभ्यास करणारे सांगतात की मुलीचं नाव म्हणून ते आलं ते दुसऱ्याच शब्दावरून. जुन्या नॉर्स भाषेत ‘ह्लीफ’ असा शब्द होता. त्याचा अर्थ आडोसा, संरक्षण, पनाह. काळाच्या ओघात सुरुवातीचा ‘ह’ झिजला, उरलेला शब्द ‘जीवन’ या अर्थाच्या शब्दासारखा ऐकू येऊ लागला, आणि लोकांनी तोच अर्थ धरला. म्हणजे एकाच नावात दोन अर्थ नांदतात. वरचा जीवनाचा, खालचा पनाहचा. हे दोन अर्थ आम्हाला पुढे फार उपयोगी पडले.

त्या लोकांच्या जुन्या कथांतही हे नाव आहे. आइसलँडमध्ये तेराव्या शतकात लिहून ठेवलेल्या एड्डा नावाच्या ग्रंथांत जगाच्या अंताची कथा येते. त्या अंताला ते रॅग्नारोक म्हणतात. देव आणि दैत्य लढून मरतात, पृथ्वी जळते, समुद्रात बुडते. पण त्या कहरात दोन माणसं एका वनात लपून राहतात आणि सकाळच्या दवावर जगतात. त्यांची नावं लीफ आणि लीफथ्रासिर. लीफ म्हणजे जीवन. पुढची सगळी माणसं त्यांच्यापासून होतात. ही कथा वाचली तेव्हा आम्हाला हजरत नूह यांची कश्ती आठवली. दोन्ही कथा वेगळ्या, त्यांचे दीनही वेगळे. पण सगळं बुडाल्यावर काहीतरी शिल्लक राहावं ही माणसाची आस मात्र एकच. आणि आपल्या मराठीत तर ‘नाव’ म्हणजे नामही आणि होडीही! कोकणातल्या माणसाला हे वेगळं सांगावं लागत नाही. आमच्या खाडीवर तरीच्या नावेला नाव असतं आणि त्या नावाची सगळी इज्जत त्या नावेला मिळते.

या ‘नाव’ शब्दावरून आणखी एक गंमत. नॉर्वेजियनमध्ये नावाला ‘नाव्न’ म्हणतात, स्वीडिशमध्ये ‘नाम्न’, फारसीत ‘नाम’, संस्कृतात ‘नामन्’. ही सगळी एकाच मोठ्या भाषाकुळातली भावंडं. बर्गनचा माणूस आणि बार्शीचा माणूस ‘नाव’ म्हणताना जवळजवळ एकच आवाज काढतात. ‘लीव’चंही तसंच. भाषाशास्त्रज्ञ या शब्दाचा माग काढत ज्या मुळाशी जातात, त्याच मुळातून संस्कृतातला ‘लिप्’ हा धातू आला असं मानतात. त्यावरून आपलं लिंपणं, त्यावरून लेप. मूळ अर्थ चिकटून राहणं. जे चिकटून राहतं ते उरतं, आणि जे उरतं ते जगतं. भिंत लिंपणाऱ्या बाईच्या हाताखाली जो शब्द आहे, तोच त्या बर्फाच्या मुलखात जीवन झाला. हे वाचल्यावर ते नाव आम्हाला एकदम परकं वाटेनासं झालं.

बार्शीकडच्या आमच्या फुफूंनी तर हा मामला एका वाक्यात मिटवला. त्यांचं वय नव्वदीच्या घरात, शाळा तिसरीपर्यंत. फोनवर नाव ऐकून त्या म्हणाल्या, “लिव? म्हंजी काय लिवायचं तिनं?” आम्ही सगळे हसलो. पण हसून झाल्यावर वाटलं, फुफूंनी काय वाईट अर्थ काढला? आपल्या रांगड्या बोलीत ‘लिव’ म्हणजे लिही. पहिल्या वहीमध्ये वाचण्याचा हुकूम आहे आणि लगेच कलमचा उल्लेख आहे. पोरीच्या नावातच कुणी ‘लिव’ म्हणत असेल तर मास्तर-मास्तरणीच्या घरात त्याहून मोठी दुआ कोणती?

आता नावाचा जमाना. नॉर्वे १९०५ साली स्वीडनपासून वेगळा झाला. त्याच्या आगेमागे तिथं जुन्या नॉर्स नावांची ओढ वाढली. बायबलातली आणि परदेशी वळणाची नावं मागे सारून लोक आपल्या मातीतली नावं शोधू लागले. लीव हे नाव विसाव्या शतकाच्या पहिल्या अर्ध्यात तिथं फार चाललं. अभिनेत्री लीव उलमन त्याच पिढीच्या. त्यांचा जन्म १९३८ चा आणि तोही टोकियोत, कारण वडील तिथं कामाला होते. इंगमार बर्गमन यांच्या ‘पर्सोना’ या १९६६च्या चित्रपटानं त्यांचं नाव जगभर गेलं. पुढे १९८० पासून त्या युनिसेफच्या सदिच्छादूत झाल्या. अमेरिकेतली अभिनेत्री लीव टायलर हिचं नाव त्यांच्यावरूनच ठेवलेलं. आणखी एक लीव म्हणजे लीव आर्नेसन. १९९४च्या डिसेंबरात ही बाई स्कीवरून एकटी दक्षिण ध्रुवावर पोचली. असं एकटीनं पोचणारी ती पहिली स्त्री. तीन लीव, तीन वाटा. नाव एवढंसं, पण ते घेऊन बाया कुठं कुठं गेल्या!

छोट्या नावांची त्या मुलखाला आवडच दिसते. दाग म्हणजे दिवस. संयुक्त राष्ट्रांचे महासचिव दाग हामरशोल्ड १९६१ साली विमान अपघातात गेले, त्यांचं हे नाव. बू म्हणजे वस्ती करून राहणारा, घरदारवाला. लाइफ म्हणजे वारस. ऑड म्हणजे शस्त्राचं टोक, आणि बिचारा इंग्लंडला गेला की सगळे हसतात, कारण तिथं त्याचा अर्थ विचित्र असा होतो. आइसलँडमध्ये ब्लाइर असं एक नाव आहे. अर्थ मंद झुळूक. आपल्याकडची नसीम किंवा सबाच ती. तिथं नावांची सरकारी समिती असते आणि यादीबाहेरचं नाव तिच्या मंजुरीशिवाय चालत नाही. ब्लाइर हे मुलाचं नाव आहे, मुलीचं नव्हे, असं म्हणून एका मुलीला ते नाकारलं गेलं. कागदोपत्री ती कितीतरी वर्षं नुसती ‘मुलगी’ होती. अखेर २०१३ साली, पंधराव्या वर्षी, तिनं न्यायालयातून आपलं नाव मिळवलं. एका झुळुकीसाठी इतकी वर्षं! हजेरीपट लिहिणाऱ्या आमच्यासारख्यांना ही गोष्ट वाचून त्या पोरीचा अभिमान वाटला.

नॉर्वेत कायदा त्यामानानं सैल आहे. मूल सहा महिन्यांचं होईपर्यंत नाव कळवायचं, आणि ज्या नावानं मुलाचं मोठं नुकसान होईल असं नाव ठेवायचं नाही, एवढंच. हे ‘नुकसान’ ऐकलं आणि आमच्या घरातली खरी चर्चा सुरू झाली.

पहिला प्रश्न अपेक्षेप्रमाणे आला. हे नाव इस्लामी आहे का? तो आमच्या एका जुन्या मित्रानं विचारला. जुम्म्याच्या नमाजनंतर, मशिदीच्या पायरीवर, अगदी काळजीनं. त्याला आम्ही जे सांगितलं ते असं. आपल्या दीनमध्ये नावाची अट भाषेची नाही, अर्थाची आहे. रसूलुल्लाहंनी नावं बदलली ती अर्थ वाईट होता म्हणून. हजरत उमर यांच्या एका मुलीचं नाव आसिया होतं. फिरऔनच्या नेक बीबीची आसिया ती वेगळी. ही ऐन आणि साद यांची, म्हणजे नाफरमानी करणारी. ते बदलून जमीला ठेवलं गेलं. हज्न नावाचे एक गृहस्थ होते, अर्थ खडबडीत जमीन. त्यांना सहल, म्हणजे सोपं, हे नाव सुचवलं गेलं. बापानं ठेवलेलं नाव बदलणार नाही, असं ते म्हणाले, आणि त्यांच्यावर जबरदस्ती झाली नाही. मारिया किब्तिया यांचं नाव मारियाच राहिलं. इब्राहीम, इस्माईल, याकूब ही नावं अरबीच्या आधीची आहेत. परवीन, शिरीन, फिरोज, जमशेद ही इराणातली, इस्लामपूर्व काळापासूनची. आज ती आपली नाहीत असं कोण म्हणेल?

आणि अर्थाचं म्हणाल, तर ‘जीवन’ हा अर्थ आपल्या नावांत किती मुरलेला आहे पाहा. आयेशा म्हणजे जगणारी, सुखात नांदणारी. याह्या म्हणजे जगतो तो. कुराणात सांगितलं आहे की ते नाव स्वतः अल्लाहनं दिलं आणि आधी कुणालाच दिलं नव्हतं. उमर हे नाव ज्या मुळातलं, त्याच मुळातला उम्र हा शब्द, म्हणजे आयुष्य. अल्लाहच्या नावांत एक अल-हय्य, सदा जिवंत असणारा. त्यावरून अब्दुल हय. शायर साहिर लुधियानवी यांचं मूळ नाव तेच. हव्वा या पहिल्या आईच्या नावाचा संबंधही जुन्या सेमिटिक भाषांतल्या जगण्याशीच जोडतात. नॉर्वेजियनमध्ये गर्भाशयाला ‘लीवमूर’ म्हणतात, म्हणजे जीवनाची आई. आपल्याकडे गर्भाशयाचा शब्द रहिम आणि त्याच मुळातून रहमान, रहीम. दोन भाषांना एकमेकींची ओळखही नाही, पण आईच्या पोटाकडे पाहून दोघींनाही मोठेच शब्द सुचले.

मित्राचं समाधान झालं. म्हणाला, “अर्थ तर मुबारक आहे. मग हयातच ठेवायचं होतं की!” हाच दुसरा प्रश्न, आणि तो अवघड. हयातच का नाही?

आमच्या घराण्यात एक हयातबी होऊन गेल्या. खाडीकाठच्या घरातल्या पणजी. नवरा बोटीवर, वर्षातून एकदा घरी. त्यांनी सात मुलं वाढवली, भाताची शेती सांभाळली आणि प्लेगच्या साथीत शेजारच्या घरांतली मुलंही सांभाळली, असं सांगतात. म्हणजे नाव तयार होतं, अर्थ तोच होता, घराण्यातलंही होतं. मग आमच्या लेकीनं ते सोडून परक्या भाषेतलं का घ्यावं?

तिला आम्ही सरळ विचारलं. आमच्यातला एक जरा तडकाफडकी बोलतो. तो म्हणाला, “बेटा, खरं सांग. नाव आवडलं म्हणून ठेवलंस, की लपायला ठेवलंस?”

हा प्रश्न हवेतून आलेला नव्हता. लेक शिकायला मोठ्या शहरात गेली तेव्हा तिनं खोली शोधली होती. फोनवर सगळं ठरायचं. भाडं, अनामत, पाण्याची वेळ. मग समोरचा नाव विचारायचा. नाव सांगितलं की खोली कालच गेलेली असायची. असं तिच्या बाबतीत अकरा वेळा झालं. बाराव्या घरी एका विधवा बाईनं दार उघडलं, तिला चहा दिला आणि नाव विचारलं ते चहा संपल्यावर. त्या घरात ती तीन वर्षं राहिली. पण आधीचे अकरा फोन ती विसरली नाही, आणि आम्हीही नाही.

हे एका पोरीचं रडगाणं नाही. २००७ साली सुखदेव थोरात आणि पॉल ॲटवेल यांचा एक अभ्यास ‘इकॉनॉमिक अँड पोलिटिकल वीकली’मध्ये आला. खासगी नोकऱ्यांच्या जाहिरातींना त्यांनी सारख्या पात्रतेचे अर्ज पाठवले, फरक फक्त नावाचा. एक नाव सवर्ण हिंदू, एक दलित, एक मुसलमान. सवर्ण नावाच्या तुलनेत मुसलमान नावाला पुढचं बोलावणं येण्याच्या शक्यतेचं गुणोत्तर ०.३३ निघालं. दलित नावाचाही तोटा स्पष्ट दिसला. नॉर्वे काही जन्नत नाही. तिथंही २०१२ साली असाच अभ्यास प्रसिद्ध झाला. पाकिस्तानी वळणाचं नाव असलेल्या अर्जाला मुलाखतीचं बोलावणं येण्याची शक्यता सुमारे २५ टक्क्यांनी कमी आढळली. म्हणजे नाव वाचून दार लावणारे हात सगळीकडे आहेत.

त्याच नॉर्वेची दुसरी बाजूही सांगायला हवी. १९७०च्या आसपास पाकिस्तानी पंजाबातून कामगार तिथं गेले, कारखान्यांत आणि हॉटेलांत राबले. त्यांच्यासारख्याच घरातली, नॉर्वेत जन्मलेली हादिया ताजिक २०१२ साली सांस्कृतिक मंत्री झाली, त्या देशातली पहिली मुसलमान मंत्री. हादिया म्हणजे वाट दाखवणारी. तिनं नाव बदललं नाही. २०१४ साली ऑस्लो शहरातल्या पुरुषांमध्ये सर्वांत जास्त आढळणारं नाव मोहम्मद आहे असं तिथल्या सांख्यिकी खात्यानं सांगितलं. आणि तिथले पुष्कळ मुसलमान आई-बाप दोन्हीकडे चालणारी नावं ठेवतात. सारा, आदम, नोरा, एलियास. एलियास म्हणजे आपले इलियास, नोआ म्हणजे नूह, युनास म्हणजे युनूस. ही नावं अर्ध्या वाटेवर भेटणारी आहेत. लीव मात्र अर्ध्या वाटेवर थांबत नाही. ते पूर्ण तिकडचं आहे. म्हणून आम्हाला टोचलं.

लेकीनं तिच्या स्वभावाप्रमाणे उत्तर दिलं. म्हणाली, “अब्बा, अम्मी, अर्धं खरं आहे. तिला दारात उभं राहून आपल्या नावाचं स्पेलिंग सांगत बसावं लागू नये, असं वाटलंच मला. पण लपायचं असतं तर मी आडनाव बदललं असतं. तिच्या नावापुढं तिच्या बापाचं आणि आपल्या गावाचं आडनाव आहेच. आणि मी हयातबीचंच नाव ठेवलंय. जिथं ती वाढणार आहे तिथल्या भाषेत ठेवलंय. शाळेत पहिल्या दिवशी बाई तिला हाक मारतील, तेव्हा वर्गातल्या प्रत्येक मुलाला तिच्या नावाचा अर्थ कळलेला असेल. माझ्या नावाचा अर्थ माझ्या वर्गात कुणाला माहीत होता?”

याला आमच्याकडे उत्तर नव्हतं. पस्तीस वर्षं हजेरी घेताना ‘ताहेरा’, ‘शकिला’, ‘रुकय्या’ या नावांचे अर्थ आम्ही वर्गाला सांगत आलो, कारण मुलांना खरोखरच ते माहीत नसायचे. नाव उच्चारलं जाणं वेगळं आणि नाव समजलं जाणं वेगळं.

मग आम्ही आपल्याच मागच्या पिढ्यांची नावं आठवत बसलो. आपल्या खेड्यापाड्यांत मुसलमान घरांतही दगडू आहे, गुलाब आहे, हिरा आहे, मोती आहे. शाहीर अमर शेख यांचा जन्म १९१६चा, बार्शीचा. मूळ नाव मेहबूब. पण महाराष्ट्रानं त्यांना ओळखलं ते अमर म्हणून. जो मरत नाही तो! हाही जीवनाचाच अर्थ. त्याच्या कितीतरी आधी बिदरकडचे शहा मुंतोजी मराठी रचना करताना मृत्युंजय झाले. आणि श्रीगोंद्याचे शेख महंमद शेख महंमदच राहिले, तरी वारकऱ्यांनी त्यांना आपलं मानलं. कुणी नाव बदलून या मातीत मिसळलं, कुणी न बदलता. या मातीनं दोघांनाही ठेवून घेतलं, तो काळ आपण ऐकून आहोत.

आणि दगडू! आधीची मुलं जगली नाहीत की पुढच्याचं नाव दगडू ठेवायचं, धोंडू ठेवायचं. नजर लागू नये, मलकुल-मौतनं दगड समजून पुढं जावं. त्या आईला माहीत होतं की नाव हा आडोसा आहे. तिचा दगडू आणि नॉर्वेतल्या जुन्या काळातली ह्लीफ यांत काय फरक? दोघींनीही मुलाला पनाह दिली. आमच्या लेकीनंही तेच केलं. फरक आहे तो धोक्याचा. दगडूच्या आईला भीती होती देवीच्या रोगाची, साथीची, दुष्काळाची. आमच्या लेकीला भीती वाटली ती माणसाच्या कानाची. देवीचा रोग लस टोचून गेला. १९८० साली जागतिक आरोग्य संघटनेनं तो संपल्याचं जाहीर केलं. माणसाच्या कानाला अजून लस निघालेली नाही.

इथं आमच्या दोघांत एकमत नाही, आणि ते लपवण्याचं कारण नाही. आमच्यातली एक म्हणते की आईला पोरीसाठी आडोसा शोधायचा हक्क आहे आणि त्यावर दुनियेनं तिचा हिशेब मागू नये. आमच्यातला दुसरा म्हणतो की एकेकानं आडोसा शोधला तर उघड्यावर उरलेल्या मोहम्मदचं आणि फातिमाचं काय? सगळ्यांनी हलकी नावं घेतली तर जड नाव घेऊन चालणारा आणखी एकटा पडेल. दोन्ही म्हणणी आम्हाला पटतात, म्हणून हा वाद जेवणाच्या ताटावर रोज नव्यानं सुरू होतो आणि खरकटी आवरताना थांबतो.

पण एका गोष्टीवर आम्ही दोघं ठाम आहोत. नाव सुंदर आहे म्हणून घ्यावं. अर्थ चांगला आहे म्हणून घ्यावं. भीती वाटते म्हणूनही कुणी घेतलं तर त्या घेणाऱ्याला बोल लावू नये. बोल लावायचा तो ज्यानं भीती घातली त्याला. आपल्या तरुण लेकी-सुनांना आमचं सांगणं इतकंच की किताबीतलं नाव ठेवा किंवा किताबीबाहेरचं, पण त्याचा अर्थ स्वतः शोधा, मुलाला सांगा, आणि ते नाव पूर्वी कुणी कसं जगलं तेही सांगा. अरबी आहे म्हणून नाव आपोआप नेक होत नाही आणि परकं आहे म्हणून बेदीन होत नाही. कितीतरी घरांत आज कानाला गोड लागतं म्हणून अर्थ न पाहता अरबी वळणाचे शब्द नाव म्हणून ठेवले जातात. त्यापेक्षा ज्याचा अर्थ जीवन आहे हे ठाऊक असलेलं परकं नाव बरं.

आणि एक विनंती नाव ऐकणाऱ्यांना. हा अंक आपल्याच लोकांच्या हातात जास्त जाईल, तरी विनंती सगळ्यांना आहे. कारण आपल्यातही दुसऱ्याचं नाव ऐकून त्याची जात, फिरका, गाव ताडणारे कान आहेत. लग्नाच्या बोलणीत ते किती तीक्ष्ण होतात हे आपण जाणतो. त्या विधवा बाईसारखं करावं. आधी चहा द्यावा, मग नाव विचारावं.

लीव आता चालू लागली आहे. फोनवर तिला दोन हाका येतात. बर्गनचे शेजारी ‘लीव’ म्हणतात आणि आमच्याकडून फुफू ‘हयात’ म्हणतात. ती दोन्ही हाकांना मान वळवते. तिच्या लेखी अजून ते एकच नाव आहे.